पडद्यावरचा एस्किमो, कॅमेऱ्यामागचा रे माला

शालेय भूगोलाच्या पुस्तकांनी पिढ्यान्‌पिढ्या विद्यार्थ्यांच्या मनावर ज्या प्रतिमा कोरून ठेवल्या, त्यांत बर्फाच्या घुमटाकार घरासमोर कातड्याचा केसाळ अंगरखा घालून उभ्या असलेल्या एस्किमोची प्रतिमा फार वरच्या क्रमांकावर आहे. हे चित्र सर्वस्वी खोटे नाही. परंतु ते सत्याचा एक लहानसा तुकडा दाखवून संपूर्ण सत्य दाखवल्याचा आव आणते. ‘इग्लू’ या शब्दाचा मूळ अर्थ केवळ घर एवढाच आहे. बर्फाचे ठोकळे रचून उभारलेले घर हे मुख्यत्वे कॅनडाच्या उत्तर भागातील लोकांचे हिवाळी वसतिस्थान होते. अलास्कातील इनुपियाक लोक मात्र गवताळ मातीची ढेकळे, समुद्राने वाहून आणलेली लाकडे आणि देवमाशाची हाडे यांनी बांधलेल्या घरांत राहत आले. फार काय, ‘एस्किमो’ हे नावही त्या लोकांनी स्वतःला दिलेले नाही. १९७७ साली अलास्कातील बॅरो येथे भरलेल्या परिषदेत उत्तर ध्रुवाभोवतीच्या या समाजाच्या प्रतिनिधींनी ‘इनुइट’ हे नाव आपल्या सर्वांसाठी स्वीकारले. त्याचा अर्थ माणसे.

घर दुसऱ्याचे, नाव परक्याने दिलेले, अशी ही प्रतिमा जगभर पोहोचवण्याचे काम विसाव्या शतकात कोणी केले असेल तर ते चित्रपटाने. आणि त्या प्रतिमेच्या ऐन मध्यभागी उभे राहून, प्रसंगी तिच्या पाठीमागे जाऊन कॅमेरा हाती धरून, ज्याने आपले सारे आयुष्य या माध्यमात घालवले, असा एक इनुपियाक कलावंत होता. त्याचे नाव रे माला. मराठी कानाला हे नाव मुलीचे वाटेल. परंतु ‘माला’ हे त्याचे जन्मनाव नव्हे आणि घराण्याचे नावही नव्हे. एका चित्रपटात त्याने रंगवलेल्या नायकाचे ते नाव होते आणि पुढे तेच त्याला आयुष्यभर चिकटले. त्याच्या कारकिर्दीचे मर्म या एका गोष्टीत सामावलेले आहे, असे म्हटले तर अतिशयोक्ती होणार नाही.

रे वाइज, म्हणजेच पुढचा रे माला, याचा जन्म २७ डिसेंबर १९०६ रोजी अलास्काच्या सिवर्ड द्वीपकल्पातील कँडल या गावी झाला. अमेरिकेने १८६७ साली रशियाकडून ७२ लाख डॉलरना विकत घेतलेला हा प्रदेश तोपर्यंत जगाच्या विस्मरणातच होता; पण शतक उलटता उलटता तेथे सोने सापडले आणि दूरदूरच्या देशांतील माणसे तिकडे लोटली. कँडल हे अशा सोन्याच्या ओढीने उभे राहिलेले गाव. रेचे वडील रशियातून आलेले ज्यू व्यापारी, तर आई इनुपियाक. वडिलांचा सहवास त्याला लाभला नाही. त्याचे संगोपन मुख्यतः आजीने केले. शिकार, मासेमारी, कुत्र्यांची गाडी हाकणे या गोष्टी तो आजोळच्या माणसांकडून शिकला आणि इंग्रजी लिहिणे-वाचणे गोऱ्यांच्या शाळेत. दोन्ही जगांत वावरण्याची ही सवय त्याला पुढे उपयोगी पडली. दोन्ही जगांना तो पुरता आपला वाटला नाही, हीही त्याच सवयीची दुसरी बाजू.

त्याच्या बालपणाचा काळ त्याच्या समाजाच्या दृष्टीने अत्यंत कठीण होता. १९१८ च्या नोव्हेंबरमध्ये इन्फ्लुएंझाची महासाथ या द्वीपकल्पावर येऊन पोहोचली. टेलर गावाजवळच्या टेलर मिशन या वस्तीत, जिला आज ब्रेव्हिग मिशन म्हणतात, सुमारे ८० माणसांपैकी ७२ माणसे अवघ्या पाच दिवसांत मृत्यू पावली. पुढे १९९७ साली तेथील गोठलेल्या जमिनीतील सामुदायिक कबरीतून एका स्त्रीच्या फुप्फुसाचा नमुना मिळाला आणि त्याच्या साहाय्याने शास्त्रज्ञांनी त्या विषाणूची संपूर्ण रचना उलगडली. हा तपशील येथे देण्याचे कारण असे की, महासाथीनंतर अवघ्या चौदा वर्षांनी हॉलिवुडचा एक प्रचंड ताफा याच परिसरात एस्किमोंचे सुखी, रांगडे, निरागस जीवन चित्रित करण्यासाठी येऊन उतरणार होता.

रेचा चित्रपटाशी संबंध किशोरवयातच आला. फ्रँक क्लाइनश्मिट हे प्रवासी-चित्रकार आर्क्टिकमध्ये चित्रीकरण करीत असता हा मुलगा त्यांच्या तुकडीत शिरला. पडेल ते काम करता करता त्याने कॅमेरा चालवण्याचे तंत्र आत्मसात केले. या प्रयत्नातून निघालेला ‘प्रिमिटिव्ह लव्ह’ हा चित्रपट १९२७ साली प्रदर्शित झाला. त्यापूर्वीच, १९२५ च्या सुमारास, रे हॉलिवुडला जाऊन फॉक्स कंपनीत कॅमेरा विभागात नोकरीला लागला होता. ही गोष्ट नीट ध्यानात ठेवण्याजोगी आहे. जगाने त्याला पडद्यावर पाहिले त्याच्या कितीतरी आधी तो भिंग, प्रकाश आणि फिल्म यांचे गणित जाणणारा कुशल कारागीर झालेला होता.

दरम्यानच्या काळात एस्किमोविषयीचे जगाचे कुतूहल एका चित्रपटाने शिगेला नेले होते. रॉबर्ट फ्लॅहर्टी यांचा ‘नानूक ऑफ द नॉर्थ’ १९२२ साली प्रदर्शित झाला. हडसन उपसागराच्या किनाऱ्यावर, फर विकणाऱ्या एका फ्रेंच कंपनीच्या पैशावर काढलेला हा मूकपट आजही माहितीपटांचा आद्य नमुना म्हणून दाखवला जातो. त्यातील नायकाचे खरे नाव नानूक नव्हते. त्याचे नाव अल्लाकारियालाक. तो आणि त्याचे सोबती बंदूक वापरीत असत. चित्रपटात मात्र त्यांच्या हाती भाले देण्यात आले. बर्फाच्या घरात कॅमेऱ्याला पुरेसा उजेड मिळेना, म्हणून घुमट अर्धा कापून उघडे घर बांधण्यात आले आणि थंडी आत शिरत असताना माणसांना निजण्याचा अभिनय करावा लागला. ग्रामोफोनची तबकडी म्हणजे काय हे न कळून ती चावून पाहणारा नानूक प्रेक्षकांना हसवून गेला. प्रत्यक्षात व्यापारी ठाण्यावर ये-जा करणाऱ्या त्या माणसाला ग्रामोफोन काही नवा नव्हता. चित्रपट गाजल्यानंतर थोड्याच काळात अल्लाकारियालाक वारला. तो शिकारीत उपासमारीने मेल्याची कथा जगभर पसरली; पण तो बहुधा क्षयाने वारला असावा, असे आज मानले जाते. प्रतिमेला शोभेल असा मृत्यूही तिच्या निर्मात्यांनी त्याला बहाल केला, असे म्हणावे लागते.

अर्थात, फ्लॅहर्टी यांच्या कामगिरीचे मोल यामुळे शून्य होत नाही. त्यांच्या चित्रात त्या माणसांविषयी मनःपूर्वक प्रेम आहे आणि कॅमेरा दुरुस्त करण्यापासून फिल्म धुण्यापर्यंतच्या कामांत स्थानिक इनुइटांनी त्यांना मोलाची साथ दिली होती. परंतु ती साथ देणाऱ्यांची नावे पडद्यावर आली नाहीत. ज्याचा चेहरा दिसतो त्याला दुसरे नाव द्यायचे आणि ज्याचे कौशल्य कामी येते त्याला नावच द्यायचे नाही, ही रीत येथे पडली. रे मालाच्या वाट्याला पुढे या रीतीच्या दोन्ही बाजू आल्या.

१९३२ साली युनिव्हर्सल कंपनीच्या, अलास्कात चित्रित झालेल्या ‘इग्लू’ या चित्रपटात रेला नायकाची भूमिका मिळाली. चित्रपट अल्प खर्चाचा होता. पण त्यातील तरुण नायकाची देहयष्टी, सहज हालचाली आणि मोकळे हास्य लोकांच्या नजरेत भरले. त्याच सुमारास मेट्रो-गोल्डविन-मेयर ही बलाढ्य कंपनी आर्क्टिकवरील एक भव्य चित्रपट काढण्याच्या तयारीत होती. डॅनिश प्रवासी पीटर फ्रॉइखेन यांच्या दोन पुस्तकांवर तो आधारलेला होता. फ्रॉइखेन यांचा या लोकांशी संबंध वरवरचा नव्हता. ग्रीनलंडमध्ये त्यांनी अनेक वर्षे काढली होती, तेथील एका इनुइट स्त्रीशी विवाह केला होता, त्या पत्नीला १९२१ साली इन्फ्लुएंझात गमावले होते आणि हिमदंशाने स्वतःचा एक पायही गमावला होता. डब्ल्यू. एस. व्हॅन डाइक या दिग्दर्शकाच्या नेतृत्वाखाली १९३२ च्या उन्हाळ्यात निघालेला ताफा टेलर येथे हिवाळा काढून १९३३ मध्ये परतला. ‘एस्किमो’ या नावाने तो चित्रपट त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये न्यूयॉर्कला झळकला. नायकाचे नाव माला आणि त्या भूमिकेत रे वाइज.

कथा अशी : माला हा निष्णात शिकारी. व्यापारी जहाजाचा गोरा कप्तान त्याच्या पत्नीला दारू पाजून तिची अब्रू घेतो. पुढे तीच सील समजून जहाजावरील माणसाच्या गोळीला बळी पडते. माला कप्तानाला भाल्याने ठार करतो. मग गोऱ्यांच्या कायद्याचे शिपाई त्याच्या मागावर येतात. बर्फात मरणोन्मुख झालेल्या त्या शिपायांचे प्राण मालाच वाचवतो आणि अखेर हिमखंडावरून निसटून जाणाऱ्या त्याच्यावर गोळी झाडण्याचे धैर्य त्यांना होत नाही. दुष्ट कप्तानाची भूमिका स्वतः फ्रॉइखेन यांनी केली होती. चित्रपटातील एस्किमो पात्रे आपल्या भाषेत बोलतात आणि त्यांच्या बोलण्याचा इंग्रजी अनुवाद अक्षरांत दाखवला जातो. बोलपट नुकताच जन्मलेला असताना हॉलिवुडच्या एका मोठ्या कंपनीने अमेरिकेच्या मूळ रहिवाशांची भाषा पडद्यावर अशी ऐकवावी, ही गोष्ट लहान नव्हती. गोरा माणूस अत्याचारी आणि एस्किमो न्यायाच्या बाजूचा, असे चित्र रंगवण्याचे धाडसही त्या काळी अपवादात्मकच म्हटले पाहिजे.

परंतु या धाडसाला मर्यादा होत्या. मालाच्या पत्नींच्या भूमिका अलास्कातील स्त्रियांना मिळाल्या नाहीत. त्या लोटस लाँग आणि लुलू वाँग या आशियाई वंशाच्या अमेरिकन अभिनेत्रींनी केल्या. गोऱ्या प्रेक्षकाला सगळे परके चेहरे सारखेच दिसतात, असे कंपनीने गृहीत धरले होते. समीक्षकांनी चित्रपट वाखाणला, १९३५ च्या समारंभात संकलनासाठी सुरू झालेले पहिले ऑस्कर त्याच्या संकलकाला, कॉनरॅड नर्विग यांना मिळाले. तथापि तिकीटविक्रीने कंपनीची निराशा केली. तेव्हा प्रेक्षक खेचण्यासाठी एस्किमोंमधील पत्नी-विनिमयाच्या प्रथेचा चविष्ट बोभाटा करणारे नवे नाव चित्रपटाला देण्यात आले. साथीने उद्ध्वस्त झालेल्या, तरीही तग धरून राहिलेल्या समाजाचे वर्षभराचे सहकार्य असे बाजारात मांडले गेले.

या यशानंतर रे मालाची कारकीर्द बहरावयास हवी होती. नामांकित कंपनीचा करार त्याच्या हाती होता, चेहरा लोकांच्या परिचयाचा झाला होता. मग तो बहर का आला नाही? एक कारण उघड होते : बर्फातील चित्रपट खर्चिक आणि दुर्मीळ. दुसरे कारण अधिक खोल होते. १९३४ पासून हॉलिवुडमध्ये कठोरपणे अमलात आलेल्या निर्मिती-संहितेनुसार भिन्न वंशांच्या स्त्री-पुरुषांचे प्रेम पडद्यावर दाखवणे निषिद्ध होते. तत्कालीन चित्रपटाचा नायक म्हणजे नायिकेवर प्रेम करणारा पुरुष, आणि प्रमुख नायिका बहुतेक गोरी. या साध्या हिशेबात माला कोठेच बसत नव्हता. त्याचे अभिनयगुण हा प्रश्न चर्चेला येण्यापूर्वीच संपलेला होता.

कंपन्यांनी त्यावर शोधलेला उपाय असा की, ध्रुवप्रदेशातील या माणसाला उष्ण कटिबंधात नेऊन सोडावे. १९३५ च्या ‘लास्ट ऑफ द पेगन्स’साठी तो ताहितीला गेला आणि पॉलिनेशियन झाला, नायिका पुन्हा लोटस लाँगच. १९३६ च्या ‘द जंगल प्रिन्सेस’मध्ये तो दुय्यम भूमिकेतला वनवासी होता. त्याच वर्षी रिपब्लिक कंपनीने ‘रॉबिन्सन क्रूसो ऑफ क्लिपर आयलंड’ ही चौदा भागांची मालिका काढली. तिच्यात मात्र मालाच नायक होता आणि पात्राचे नावही मालाच : अमेरिकन गुप्तहेर खात्यात काम करणारा पॉलिनेशियन वीर. आठवड्याला एक भाग या हिशेबाने मुलाबाळांसाठी दाखवल्या जाणाऱ्या या स्वस्त करमणुकीला समीक्षकांच्या लेखी किंमत नव्हती. परंतु गोरा नसलेला, बुद्धिमान आणि शूर असा नायक अमेरिकन मुलांपुढे उभा करण्याचे काम प्रतिष्ठित चित्रपटांना जमले नाही, ते या मालिकेने केले. पुढे ‘हॉक ऑफ द वाइल्डरनेस’ या १९३८ च्या मालिकेत तो आदिवासी साथीदार झाला, तर १९४० च्या फ्लॅश गॉर्डन मालिकेत परग्रहावरील खडकांत राहणाऱ्या लोकांचा राजपुत्र. पृथ्वीवर त्याच्यासाठी जागा उरली नव्हती, असे विनोदाने म्हणता येईल. पण त्या विनोदात खेदाचाच अंश अधिक आहे.

असे घडणारा तो एकटाच नव्हता. म्हैसूर संस्थानातील करापूरचा माहुताचा मुलगा साबू याला १९३७ च्या ‘एलिफंट बॉय’ मध्ये पडद्यावर आणणारे फ्लॅहर्टीच होते. त्यालाही पुढे हॉलिवुडने हत्ती, वाघ आणि जादूच्या गालिच्यांच्या दुनियेबाहेर फारसे जाऊ दिले नाही. ध्रुवावरचा शिकारी आणि म्हैसूरचा माहूतपुत्र या दोघांना एकाच बाजारात एकाच भावाने तोलले गेले.

अभिनयाची कामे अशी आटत चालली तेव्हा मालाने जे केले, ते त्याच्या चरित्रातील सर्वांत महत्त्वाचे पर्व मानावयास हवे, जरी ते सर्वांत कमी ठाऊक असले तरी. तो पुन्हा कॅमेऱ्याकडे वळला. १९४० नंतरच्या दशकात त्याने अनेक नामांकित चित्रपटांसाठी साहाय्यक छायाचित्रकार म्हणून काम केले. हिचकॉक यांच्या १९४३ च्या ‘शॅडो ऑफ अ डाउट’च्या छायाचित्रण विभागात त्याचा हात होता. जोसेफ लाशेल या श्रेष्ठ छायाचित्रकाराबरोबर त्याने १९४४ च्या ‘लॉरा’वर काम केले; त्या चित्रपटातील प्रकाशछायेच्या किमयेसाठी लाशेल यांना ऑस्कर मिळाले. साहाय्यकांची नावे श्रेयनामावलीत न देण्याचीच त्या काळची रीत होती, म्हणून मालाचे नाव तेथे आढळत नाही. पडद्यावर असताना त्याला नाव मिळाले, पण माणूस म्हणून ओळख मिळाली नाही. पडद्यामागे त्याच्या कौशल्याची ओळख होती, पण तेथे नाव नव्हते.

त्याच वर्षी, १९४४ मध्ये, त्याच्या जन्मभूमीत एक घटना घडली. नोम शहरातील ड्रीम थिएटर या चित्रपटगृहात मूळ रहिवाशांनी गोऱ्यांपासून वेगळे बसावे असा दंडक होता. अल्बर्टा शेंक ही मुलगी तेथेच कामाला होती. वडील गोरे आणि आई इनुपियाक, म्हणजे मालासारखेच तिचे जन्मवृत्त. या अन्यायाबद्दल तिने आवाज उठवला, तेव्हा तिची नोकरी गेली. पुढे ती एका गोऱ्या सैनिकासह गोऱ्यांच्या भागात जाऊन बसली आणि उठण्यास नकार दिल्यामुळे तिला एक रात्र कोठडीत काढावी लागली. तिने गव्हर्नर अर्नेस्ट ग्रुएनिंग यांच्याकडे तारेने दाद मागितली. १९४५ च्या फेब्रुवारीत अलास्काच्या विधिमंडळाने वंशभेदविरोधी कायदा संमत केला, त्यामागील घटनांत हा प्रसंग गणला जातो. ज्या समाजाचा चेहरा पडद्यावर पाहण्यासाठी अमेरिका तिकीट काढीत होती, त्या समाजाच्या माणसाला चित्रपटगृहात हवी त्या खुर्चीवर बसता येत नव्हते! प्रतिमेचे कौतुक करणे आणि माणसाचा मान राखणे या दोन गोष्टींत किती अंतर असते, याचे याहून स्पष्ट उदाहरण सापडणे कठीण.

१९५२ साली ‘रेड स्नो’ या चित्रपटात माला पुन्हा एकदा अलास्कातील इनुइट म्हणून पडद्यावर आला. शीतयुद्धाचे दिवस होते. बेरिंगच्या सामुद्रधुनीत दोन्हीकडे पिढ्यान्‌पिढ्या ये-जा करणाऱ्या आप्तस्वकीयांमधील वाट १९४८ मध्ये बंद झाली होती आणि या चित्रपटात माला अमेरिकन सैन्यातील एस्किमो सार्जंट झाला होता. वडिलांकडून रशियाचा आणि आईकडून या किनाऱ्याचा वारसा लाभलेल्या माणसाने या सरहद्दीवर पहारा द्यावा, हा योगायोग विलक्षण खराच. हाच त्याचा अखेरचा चित्रपट ठरला. २३ सप्टेंबर १९५२ रोजी, वयाच्या अवघ्या ४५ व्या वर्षी, हृदयविकाराने हॉलिवुडमध्ये त्याचे निधन झाले. त्यानंतर अर्धशतकाहून अधिक काळ तो जवळजवळ विस्मृतीत गेला. २०११ साली लेल मॉर्गन यांनी लिहिलेल्या चरित्रामुळे त्याची पुन्हा चर्चा सुरू झाली.

रे मालाने आपल्या समाजाविषयी स्वतःचा चित्रपट का काढला नाही, असा प्रश्न आज कोणी विचारील. तंत्र त्याच्या हाती होते, अनुभव होता, चेहऱ्याला प्रसिद्धी होती. परंतु चित्रपट केवळ तंत्राने निघत नाही. त्याला भांडवल लागते, वितरण लागते आणि मुख्य म्हणजे काय सांगावयाचे हे ठरवण्याचा अधिकार लागतो. तो अधिकार हॉलिवुडने त्याला दिला नाही आणि तो मिळवून देईल अशी संघटित शक्ती त्या वेळी त्याच्या समाजापाशी नव्हती. व्यक्तीच्या कर्तृत्वाची सीमा कोठे संपते आणि संस्थेचे बळ कोठून सुरू व्हावे लागते, हे त्याच्या आयुष्याकडे पाहिले की समजते.

ती शक्ती पुढील पिढीत निर्माण झाली. कॅनडातील इग्लूलिक या गावाने, आपल्या भाषेतील कार्यक्रम दिसणार नसतील तर दूरचित्रवाणी नको, अशी भूमिका घेऊन सत्तरीच्या दशकात दोनदा मतदानाने तिला नकार दिला. १९८१ साली इनुइटांची स्वतःची प्रसारणसंस्था स्थापन झाल्यानंतरच, १९८३ मध्ये, त्या गावाने दूरचित्रवाणी स्वीकारली. त्याच गावात १९९० साली झकारियास कुनुक आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी ‘इसुमा’ ही चित्रपटसंस्था उभारली. संपूर्णपणे इनुक्तितुत भाषेत, इनुइट लेखक, दिग्दर्शक आणि नटांनी घडवलेल्या तिच्या ‘अतानार्जुअत’ या चित्रपटाला २००१ साली कान महोत्सवात पदार्पणाच्या सर्वोत्कृष्ट चित्रपटाचे पारितोषिक मिळाले. त्यात बर्फ आहे, कुत्र्यांच्या गाड्या आहेत, बर्फाची घरेही आहेत. पण यांपैकी काहीही परक्याला नवल वाटावे म्हणून मांडलेले नाही. तेथे घर हे राहण्यासाठी आहे.

रे मालाला हे दिवस दिसले नाहीत. परंतु परक्या नावाने, परक्या भूमीचे वेष पांघरून, अनामिक साहाय्यक म्हणून का होईना, सुमारे तीस वर्षे तो या माध्यमात पाय रोवून उभा राहिला आणि आर्क्टिकचा माणूस कॅमेऱ्याच्या दोन्ही बाजूंना उभा राहू शकतो हे त्याने स्वतःच्या श्रमाने सिद्ध केले. वर्गात एस्किमोचे ते जुने चित्र दाखवताना शिक्षकांनी कँडल गावच्या या मुलाची हकीकत सांगितली, तर भूगोलाच्या तासाला विद्यार्थी आणखी एक गोष्ट शिकतील. कोणतेही चित्र पाहताना त्यात कोण दिसते याबरोबरच ते कोणी काढले, कोणाच्या पैशाने काढले आणि दिसणाऱ्या माणसाला त्याबद्दल काय वाटत होते, हेही विचारावयाचे असते.